आगीत उतरायची गरज नाही

ख्रिस्ती आणि मुसलमान कधी एकत्र नांदूच शकत नाहीत, असे हल्ली छातीठोकपणे सांगितले जाते. सांगणाऱ्यांपाशी पुरावेही तयार असतात: मध्ययुगातली क्रुसेड, २०१९ च्या ईस्टरला श्रीलंकेतल्या चर्चांमध्ये झालेले बॉम्बस्फोट, २०२० मध्ये इस्तंबूलच्या आया सोफियाची पुन्हा झालेली मशीद. यातली एकही गोष्ट खोटी नाही. खोटा आहे तो त्यावरून काढलेला निष्कर्ष. भांडणे तेवढी मोजायची आणि नांदणे जमेलाच धरायचे नाही, असा हा हिशेब आहे.

दुसरा पक्ष सद्भावना सभांतला. ‘शेवटी सगळे धर्म एकच सांगतात’ असे म्हणून तो मोकळा होतो. हेतू चांगला असला तरी विधान खरे नाही. कुराणात मरियमच्या नावाची एक सुरा आहे आणि ईसाला पैगंबर म्हणून मोठा मान आहे. पण तो देवाचा पुत्र होता आणि क्रुसावर मेला, हे कुराणाला मान्य नाही. ख्रिस्ती श्रद्धा तर नेमकी याच दोन गोष्टींवर उभी आहे. हा भेद झाकून ठेवला, तर पहिल्याच कुरबुरीत तो उघडा पडतो.

या दोन्ही पक्षांना उत्तर देणारी हकीगत आमच्या ग्वाल्हेरच्या वाटेवरचीच आहे. १५८० च्या सुरुवातीला रुडॉल्फ अक्वाविवा, अँटोनियो मॉन्सेरात आणि फ्रान्सिस हेन्रिकेस हे तीन जेजुइट पाद्री गोव्याहून सुरत, उज्जैन, नरवर, ग्वाल्हेर अशी मजल मारत अकबराच्या बोलावण्यावरून फतेहपूर सिक्रीला पोचले. आजारी पडलेला मॉन्सेरात नरवरला मागे राहून काही दिवसांनी आला. पुढे तोच शाहजादा मुरादला पोर्तुगीज शिकवू लागला. इबादतखान्यात, म्हणजे अकबराच्या धर्मचर्चेच्या दालनात, उलेमा आणि पाद्री एकमेकांची श्रद्धा उघडउघड खोडून काढत. एकदा तर असा प्रस्ताव निघाला की मुल्लाने कुराण घेऊन आणि पाद्र्याने बायबल घेऊन आगीत उतरावे, जो वाचेल त्याचा धर्म खरा. रुडॉल्फने साफ नकार दिला. नकार दिला म्हणून त्याच्या केसालाही धक्का लागला नाही. वाद मिटला नाही, अकबर ख्रिस्ती झाला नाही, तरी रुडॉल्फ तीन वर्षे त्या दरबारात सुखरूप राहिला. दरबारी इतिहासकार बदायुनीच्या नोंदीप्रमाणे शुभवर्तमान फारसीत आणण्याचे काम अकबराने अबुल फझलवर सोपवले होते. त्याच अबुल फझलची कबर ग्वाल्हेरच्या दक्षिणेला आंतरीत आहे. १६०२ मध्ये त्याला मारले ते शाहजादा सलीमच्या सांगण्यावरून, गादीच्या राजकारणापायी.

आता याच रुडॉल्फचे पुढे काय झाले ते पाहा. १५८३ मध्ये तो गोव्याला परतला आणि २५ जुलैला साष्टीतल्या कुंकळ्ळी गावात मारला गेला. मारणारे हिंदू गावकरी होते. पोर्तुगीज सत्तेने त्यांची देवळे पाडली होती आणि पाद्री तिथे चर्चसाठी जागा पाहायला आले होते. नंतर पोर्तुगिजांनी गावच्या म्होरक्यांना बोलणी करायला म्हणून असोळण्याच्या किल्ल्यात बोलावून कापून काढले. दोन्ही हत्याकांडांचे समर्थन होऊ शकत नाही. कारण मात्र समजून घेतले पाहिजे. माणूस तोच, श्रद्धा तीच. जिथे तो बोलत होता पण राज्य त्याच्या बाजूने दंडुका उगारत नव्हते, तिथे तो वाचला. जिथे राज्यच एका धर्माचे हत्यार झाले, तिथे तोही गेला आणि गावकरीही गेले.

कुणी म्हणेल, अकबराचे औदार्य ही बादशाही मर्जी होती. हा आक्षेप रास्त आहे. भोपाळलाही तो लागू पडतो. तिथे १८१९ मध्ये नवाब नजर मुहम्मद वारल्यावर तरुण कुदसिया बेगमेने राज्य सांभाळले, तेव्हा तिच्या भरवशाच्या कारभाऱ्यांत शहजाद मसीह हा बोरबोन घराण्यातला ख्रिस्ती होता. मुसलमान राज्यकर्ती, ख्रिस्ती कारभारी, दोघांचे जमले; पण तेही बेगमेच्या मर्जीवर. मर्जी फिरते. म्हणूनच आपण मर्जीच्या जागी हक्क आणला. धर्मस्वातंत्र्य देणारे संविधानाचे कलम २५ कुणाच्या औदार्यावर चालत नाही.

आजची भांडणेही जरा जवळून पाहावीत. केरळात मुनंबमला सुमारे सहाशे कुटुंबे, त्यांत बहुतेक ख्रिस्ती मच्छीमार, आणि वक्फ बोर्ड यांच्यात तंटा आहे. तो त्रैक्याच्या सिद्धान्तावरून नाही, जमिनीच्या कागदांवरून आहे. नोव्हेंबर २०२४ मध्ये मुस्लिम लीगचे सादिक अली शिहाब थंगल स्वतः लॅटिन कॅथलिक बिशपांना भेटायला गेले. जमिनीचा तंटा दस्तऐवज पाहून आणि समोरासमोर बसून सुटतो. त्याला धर्मयुद्धाचे नाव दिले, की सुटत नाही आणि काहींना तो सुटायला नकोच असतो.

२०११ च्या जनगणनेनुसार मध्य प्रदेशात मुसलमान साडेसहा टक्क्यांच्या आसपास आहेत, ख्रिस्ती अर्धा टक्काही नाहीत. या दोघांनी कसे नांदावे, याची जबाबदारी म्हणून आपल्या बहुसंख्यांवरही येते. एकाला जवळ करून दुसऱ्यावर सोडू नका. एकमत मागू नका आणि मतभेदाला घाबरू नका. पोलीस, कचेरी आणि न्यायालय सर्वांना एकाच मापाने मोजतात की नाही, एवढे डोळ्यांत तेल घालून पाहा. ते झाले, तर धर्म खरा ठरवायला कुणालाही आगीत उतरावे लागणार नाही.