पायाखालचा समुद्र : मंद्रूपची ओसरी आणि शहाबादी फरशी

१/ मंद्रूप परिसर म्हटला की इतिहासप्रेमी तरुणास हत्तरसंग कुडल आठवते : भीमा-सीनेचा संगम आणि मराठीच्या आद्य शिलालेखांत गणला जाणारा शके ९४०, म्हणजे इ.स. १०१८ चा लेख. त्याहून कितीतरी प्राचीन दस्तऐवज मात्र जुन्या घरांच्या ओसरीत अंथरलेला असतो. तो म्हणजे शहाबादी फरशी.

२/ मंद्रूपची भूमी काळ्या बेसॉल्टची, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हारसातून घडलेली. फरशी या खडकाची नव्हे. भीमा पुढे कलबुर्गीकडे गेली की लाव्हाचे आवरण संपते आणि त्याखालचे चुनखडक उघडे पडतात. ५० कोटी वर्षांहूनही पूर्वी उथळ समुद्राच्या तळाशी थरावर थर साचून ते घडले. म्हणूनच छिन्नी लावताच फरशी सपाट सुटते.

३/ रॉबर्ट ब्रूस फूट यांनी १८७६ च्या आपल्या ग्रंथात या खडकांचे वर्णन केले. भूशास्त्रात या खडकसमूहाला भीमेचेच नाव आहे.

४/ ‘हे भूगर्भशास्त्र झाले, इतिहास नव्हे’ असा आक्षेप येतो. त्याला उत्तर इसामपूर देते. यादगीर जिल्ह्यातील या स्थळी डेक्कन कॉलेजचे के. पद्दय्या यांनी उत्खनन केले. सुमारे १२ लाख वर्षांपूर्वीच्या मानवाने तेथे चुनखडकाच्या योग्य जाडीच्या लाद्या निवडून हातकुऱ्हाडी घडवल्या होत्या. दगडाची पारख करणारा हात जिथे दिसतो, तिथे इतिहास सुरू होतो.

५/ पुढे भीमाकाठीच सन्नतीजवळ कनगनहळ्ळी येथे याच प्रकारच्या चुनखडकावर बौद्ध स्तूपाची शिल्पे कोरली गेली. त्यांतील एका शिल्पावर ‘राया असोको’ अशी अक्षरे आहेत.

६/ म्हणजे हातकुऱ्हाड, स्तूप आणि ओसरी ही एकाच खडकाची तीन रूपे. राजवंश आणि राज्यांच्या सीमा यांपुरता इतिहास मर्यादित ठेवला, तर हा धागा तुटतो. भीमेचा वारसा सोलापूरचा की कलबुर्गीचा, हा वादच त्या खडकापुढे थिटा ठरतो.

७/ आज जुन्या फरश्या उखडून चकचकीत टाइल्स बसवल्या जातात. सोय म्हणून ते समजण्यासारखे आहे. परंतु उखडण्यापूर्वी घराचे साल, फरशीची जाडी, ती आणल्याची घरच्या वडीलधाऱ्यांची आठवण आणि एक छायाचित्र, इतके तरी नोंदले गेले पाहिजे. शिलालेखाचा ठसा घेणाऱ्या पिढीने पायाखालचा दगडही वाचावा. अक्षरे नसली, म्हणून तो मुका ठरत नाही.