ताऱ्यांशी मैत्री, शेजाऱ्याशी अबोला

परग्रहवासी आणि माणूस यांच्या मैत्रीच्या कथा आपल्या मंडळींत मोठ्या आवडीने वाचल्या जातात. १८९८ मध्ये एच. जी. वेल्स यांनी मंगळावरून संहारक उतरविले होते; पुढे त्यांच्या जागी मित्र येऊ लागले, ही प्रगतीच म्हणावयाची. परंतु ह्या मैत्रीचे मोल कोणी द्यावयाचे, हा प्रश्न कोणी विचारीत नाही.

सत्यजित राय यांच्या १९६२ सालच्या ‘बंकुबाबूर बंधू’ ह्या कथेतील परग्रहवासी खेड्यातल्या मास्तरांशी चक्क बंगालीत बोलतो. कथा सुंदर आहे, यात वाद नाही. २००३ सालच्या ‘कोई... मिल गया’ चित्रपटातील पाहुणा तर मित्राला बुद्धी आणि बळ बहाल करतो. म्हणजे भाषा शिकावी पाहुण्याने, देणगी द्यावी पाहुण्याने. यजमानाने केवळ धन्य व्हावे! ही मैत्री नव्हे, हा वरप्रसाद झाला.

‘कथेत व्याकरणाचे धडे कोण वाचील?’ असा आक्षेप येईल. परंतु परक्याला समजून घेण्याचे कष्ट हेच खरे नाट्य असते. ह्याच कुंभकोणमात वाढलेले श्रीनिवास रामानुजन मद्रास पोर्ट ट्रस्टमध्ये कारकून होते. जानेवारी १९१३ मध्ये त्यांनी केंब्रिजच्या हार्डींना पत्र धाडले. त्यातील सिद्धतेवाचून मांडलेली सूत्रे परलोकातून आल्यासारखीच होती. हार्डींनी पत्र टोपलीत टाकले नाही. लिटलवुडांना सोबत घेऊन ते त्यांचा अर्थ लावीत बसले. १९१४ मध्ये रामानुजन केंब्रिजला गेले, तेव्हा त्यांना सिद्धतेची रीत शिकविता शिकविता आपणच अधिक शिकलो, अशी कबुली हार्डींनी पुढे दिली. मैत्री म्हणतात ती हिला.

१९७७ साली सुटलेल्या व्हॉयेजर यानांवरील तबकडीत ५५ भाषांतील अभिवादने आहेत. त्यांत मराठी आहे, केसरबाई केरकरांची भैरवीही आहे. तमिळ मात्र नाही. आपल्याला याचा अभिमान वाटतो, आणि तो वाटावाच. पण तो नमस्कार ऐकणारा कोणी भेटेल की नाही, कोण जाणे. खालच्या मजल्यावरचा शेजारी मात्र रोज भेटतो. वर्षानुवर्षे येथे राहून ‘वेण्डाम’पलीकडे न गेलेल्या, बदलीचे दिवस मोजणाऱ्या गृहस्थाने ताऱ्यांवरील मित्रासाठी डोळे ओले करावेत, याला काय म्हणावे? जवळच्या तंजावरावर १६७६ पासून १८५५ पर्यंत भोसल्यांचे राज्य होते. त्या दरबारात मराठीबरोबर तमिळ आणि तेलुगूलाही आश्रय होता. राज्यकर्त्यांना जे कमीपणाचे वाटले नाही, ते अधिकाऱ्यांना का वाटावे?

मराठी लेखकाने यापुढेही परग्रहवासी अवश्य आणावा; मात्र त्याला मराठी येत नसावे. त्याची भाषा शिकण्याचे कष्ट कथानायकाने करावेत, आणि ती कथा लिहून होईपर्यंत वाचकाने तमिळ मुळाक्षरे गिरवावीत.