स्प्रिंगला बटण नसतं

सोलापुरात मोटारीसाठी वेगळं गॅरेज बांधणारी घरं थोडी, पण शटर मात्र गल्लोगल्ली आहे. चाटी गल्लीतली कापडाची दुकानं, नवी पेठेतले गाळे, पूर्व भागात खाली माग आणि वर संसार असलेली घरं, अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीतले कारखाने, सगळीकडे दिवस शटर वर ढकलून सुरू होतो. ते जड लागायला लागलं की कुणीतरी स्टुलावर चढतं, वरचं झाकण काढतं आणि पाना घालून स्प्रिंग ‘जरा आवळून’ घेतं. ही दुरुस्ती घरच्या घरी करण्याची नाही, असं माझं स्पष्ट मत आहे, आणि त्याचं कारण शटरच्या रचनेतच आहे.

18 गेजच्या पट्ट्यांचं 8 बाय 8 फुटांचं शटर 60 किलोंच्या वर भरतं. एवढं वजन एकटा माणूस सहज उचलतो, कारण डोक्यावरच्या पाइपवर बसवलेल्या स्प्रिंगा ते पेलत असतात. शटर खाली ओढताना स्प्रिंग पिळली जाते आणि ताण साठतो. वर ढकलताना तोच ताण मदतीला येतो. म्हणजे शटर पूर्ण खाली आहे, कुलूप लागलेलं आहे, तेव्हा स्प्रिंग सर्वांत जास्त ताणलेली असते. नेमकं हेच ध्यानात येत नाही. बंद शटर निवांत दिसतं, म्हणून माणूस तेव्हाच त्याला हात घालतो. ताण कमी-जास्त करायचा तर ब्रॅकेटवरचा क्लॅम्प सैल करून पाइप पान्याने फिरवावा लागतो. त्या क्षणी पकड सुटली तर पाइप गरकन उलटा फिरतो आणि पाना मनगटावर किंवा जबड्यावर बसतो. वर माणूस उभा असतो स्टुलावर. म्हणजे मार एक आणि पडणं दुसरं.

यावर सोलापूरकर म्हणेल, आमच्याकडे माग दुरुस्त करणारा जॉबर अख्खा माग खोलून पुन्हा जोडतो, तिथे शटर म्हणजे काय मोठं? हा अभिमान रास्त आहे. या शहराचे माग अशाच हातांनी चालते ठेवले. पण माग दुरुस्त करताना आधी बटण बंद करतात. मोटार थांबली की बहुतेक धोका थांबतो. स्प्रिंगला बटण नसतं. तिची ताकद विजेवर नाही, तिच्या पिळातच असते, आणि पीळ शिस्तीने उतरवेपर्यंत ती तशीच राहते. जॉबरचं कसब इथे कमी पडतं असं नाही. पण थांबलेल्या यंत्रावर काम करायची त्याची सवय इथे घात करू शकते.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे: शटरवाला मिस्त्री तरी कुठे प्रमाणपत्र घेऊन येतो? खरं आहे, बहुतेक जण उस्तादाच्या हाताखालीच शिकतात. तरी तो एकटा येत नाही. पाइप धरायला दुसरा माणूस असतो, पाना योग्य मापाचा असतो, ताण कोणत्या बाजूला सुटणार हे त्याच्या हाताला माहीत असतं. अमेरिकेत घरोघरी गॅरेज आहे आणि घरदुरुस्तीची हौसही दांडगी आहे. तिथेही दार बनवणाऱ्या कंपन्या स्प्रिंगचं काम प्रशिक्षित कारागिराकडूनच करून घ्या, असं बजावतात. तिथली साधी स्प्रिंग सुमारे 10,000 उघडझापींच्या हिशेबाने बनवतात. हाच हिशेब आपल्याकडे लावला, तर दिवसातून दोनदा उघडणाऱ्या दुकानाला तो चौदा-एक वर्षं पुरेल, आणि माल आत-बाहेर करताना आठ वेळा उघडणाऱ्या कारखान्याला साडेतीन. पण आपलं शटर किती वर्षांचं आहे, हे कोण लिहून ठेवतं? शटरसाठी आयएस 6248 हे भारतीय मानक आहे. व्यवहारात मात्र चौरस फुटाचा दर विचारून शटर ठरतं.

घरी करण्यासारखं काम आहेच, आणि ते केलं तर स्प्रिंगपर्यंत जायची वेळ बऱ्याचदा येत नाही. शटर जड होण्यामागे पुष्कळदा बाजूच्या चॅनेलमधली धूळ, खडे आणि मागाचा तूस असतो. जळकं ऑइल ओतण्याची सवय सोडावी. तूस त्यात भिजून चिखल होतो. चॅनेल कोरड्या फडक्याने पुसावं, हलका ग्रीसचा हात द्यावा, वाकलेली पट्टी दिसली तर खूण करून ठेवावी. मग शटर कमरेइतकं आणून, हात न सोडता, ते खाली ओढतंय की वर पळतंय हे पाहावं. दोन्हींपैकी काहीही जाणवलं, एक बाजू तिरकी आली किंवा वरून ताडकन आवाज होऊन शटर एकदम जड झालं, तर तिथेच थांबावं आणि खालून कुणालाही जाऊ देऊ नये. अर्धं शटर ओढून खालून वाकून ये-जा करण्याची रात्रीची रीत तर बंदच व्हावी.

मिस्त्रीचा खर्च छोट्या दुकानदाराला जड जातो, हे मान्य. पण सकाळी शटर उचलतो तो बहुधा मालक नसतो, नोकर असतो, आणि बोटं त्याची जातात. दुकानांसाठीच्या 2017 च्या राज्य कायद्याची बहुतेक कलमं थोडे कामगार असलेल्या छोट्या दुकानाला लागू होत नाहीत, त्यामुळे कुणी तपासनीस येईल ही आशा नको. खंडेनवमीला आपण मागाची, अवजारांची पूजा करतो. त्याच आठवड्यात गल्लीतल्या दुकानदारांनी मिळून एक मिस्त्री बोलवावा, खर्च वाटून घ्यावा, आणि दिवाळीची गर्दी सुरू होण्याआधी प्रत्येक शटरची स्प्रिंग तपासून तारीख आतल्या भिंतीवर लिहून ठेवावी. व्यापारी संघटनांनी हे काम यंदापासूनच हाती घ्यावं.