चंगळवादाचा हिशेब कोण चुकवतो?
शेणवा परिसराच्या निमित्ताने एक विश्लेषण

संस्कृती म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर साहित्य, संगीत, चित्रकला, सणवार आणि उपासना उभ्या राहतात. परंतु समाजाची संस्कृती त्याच्या ग्रंथालयात जितकी घडते, तितकीच ती स्वयंपाकघरात, बाजारात आणि सुटीच्या दिवशीही घडत असते. माणसे काय खातात, कशासाठी पैसे खर्च करतात आणि त्यांना मौज कशात वाटते, यावरून जमिनीचा वापर ठरतो, कामाचे वेळापत्रक ठरते, लग्नाच्या चालीरीती ठरतात आणि कोणी कोणाचे ऋणी व्हायचे हेही ठरते. ‘चंगळवाद’ हा शब्द आपण प्रवचनांतून आणि लेखांतून बरीच वर्षे वापरत आलो आहोत. मात्र बहुतेक वेळा तो तरुणांचे कपडे आणि त्यांच्या हातातील मोबाइल यांच्यावर टीका करण्यापुरताच वापरला जातो. या चंगळीचा हिशेब प्रत्यक्षात कोणाच्या खात्यावर मांडला जातो, हे पाहायचे असेल तर ठाणे जिल्ह्यातील शहापूर आणि मुरबाड या तालुक्यांकडे वळले पाहिजे.

शहापूर तालुक्यातील शेणवा हे गाव आपल्यापैकी अनेकांनी केवळ रस्त्यावरील पाटीवर वाचले असेल. या टापूतील पाड्यांवर ठाकूर, कातकरी, महादेव कोळी, वारली अशा आदिवासी जमाती राहतात. कुणबी व आगरी शेतकरी राहतात. खाचरात भात, वरकस जमिनीवर नागली आणि वरई, पावसाळ्यात रानभाज्या असे येथील परंपरागत जीवन. मुंबई येथून रेल्वेने दोन-अडीच तासांवर आहे, आणि या भागाचा गेल्या दीडशे वर्षांचा इतिहास म्हणजे बऱ्याच अंशी मुंबईच्या आवडीनिवडींचा इतिहास आहे.

कात, मोह आणि पाणी

‘कातकरी’ हे नावच मुळी दुसऱ्यांच्या आवडीतून आलेले आहे. खैराच्या लाकडाचा गाभा उकळून कात तयार करायचा आणि धान्याच्या बदल्यात तो द्यायचा, हा या जमातीचा व्यवसाय. तो कात विड्याच्या पानातून पुणे-मुंबईच्या तोंडात रंगत असे. पुढे १८७८ च्या वन कायद्याने जंगलावर सरकारी हक्क प्रस्थापित झाला, खैर तोडणे गुन्हा ठरले आणि कात करणाऱ्यांचा कात गेला. विडा मात्र रंगतच राहिला. कातकरी कोळसा पाडू लागले आणि त्यानंतर वीटभट्टीवर गेले. आज त्यांची गणना महाराष्ट्रातील तीन विशेष दुर्बल आदिवासी जमातींमध्ये होते.

१८९२ हे वर्षही लक्षात ठेवण्यासारखे आहे. त्या वर्षी मुंबई सरकारने खास कायदा करून ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांत मोहाच्या फुलांची साठवण आणि विक्री यांवर निर्बंध आणले. मोहाचे फूल हे आदिवासींचे अन्नही होते आणि सणासमारंभातील पेयही. घरी गाळलेली दारू गुन्हा ठरली, परवानाधारक दुकानातील दारू मात्र सरकारी उत्पन्नाचे साधन झाली. पिणे थांबले नाही. पिण्याचा पैसा पाड्याबाहेर जाऊ लागला. त्याच १८९२ साली तानसा धरणाचे पाणी मुंबईला मिळू लागले. पुढे १९५७ मध्ये वैतरणेवरील मोडक सागर, १९८३ मध्ये भातसा आणि २०१४ मध्ये मध्य वैतरणा अशी धरणांची मालिका उभी राहिली. विहार व तुळशी हे मुंबईतील दोन लहान तलाव सोडले, तर महानगराचे सारे पाणी ठाणे, पालघर आणि नाशिक जिल्ह्यांच्या डोंगराळ भागातून येते. दररोज सुमारे ३,९०० दशलक्ष लिटर पाणी मुंबईला पुरवले जाते. सात जलाशयांच्या एकूण साठ्यापैकी जवळजवळ निम्मा साठा एकट्या भातसा धरणाचा आहे. आणि ज्या शहापूर तालुक्यात भातसा आहे, तेथील कित्येक गावपाड्यांना दर उन्हाळ्यात टँकरची वाट पाहावी लागते.

पिण्याचे पाणी ही चंगळ नाही. कोट्यवधी लोकांची तहान भागलीच पाहिजे. परंतु नळाला येणाऱ्या पाण्यात पिण्याचे किती, आणि मोटारी धुण्याचे, गृहसंकुलांतील पोहण्याच्या तलावांचे किती, हा प्रश्न विचारण्याची आपल्याला सवय राहिलेली नाही. गरज आणि हौस एकाच नळातून वाहू लागल्या की त्यांतील भेद दिसेनासा होतो.

ताटातील उलथापालथ

दुसरा बदल ताटात झाला. २०१३ च्या राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायद्याने गरिबांना तीन रुपये किलोने तांदूळ आणि दोन रुपये किलोने गहू मिळू लागला. जानेवारी २०२३ पासून हे धान्य मोफत दिले जाते. या योजनेने अनेक घरांतील उपासमार थांबवली, हे मोकळेपणाने मान्य केले पाहिजे. त्याच कायद्यात एक रुपया किलोने भरड धान्य देण्याचीही तरतूद होती; प्रत्यक्षात शिधावाटप दुकानात तांदूळ आणि गहूच प्रामुख्याने आले. राब भाजून, रोपे लावून, उतारावर घाम गाळून नागली पिकवण्यापेक्षा दुकानातून पांढरा तांदूळ आणणे सोपे झाले. त्यातच पांढरे ते प्रतिष्ठित आणि काळे ते गरिबीचे, ही समजूत शाळेपासून मनात रुजलेली. नागलीची काळसर भाकरी डब्यात नेण्याची मुलांना लाज वाटू लागली. पाड्यावरच्या टपरीत पाच-दहा रुपयांची चटकदार पाकिटे लटकू लागली आणि लहान मुलांची भूक त्यांवर भागू लागली.

गंमत अशी, की संयुक्त राष्ट्रसंघाने २०२३ हे भरड धान्यांचे आंतरराष्ट्रीय वर्ष म्हणून साजरे केले, आणि शहरात नाचणीची बिस्किटे आरोग्याच्या नावाखाली भारी किमतीला विकली जाऊ लागली. ज्याने पिकवायचे त्याच्या ताटातून जे धान्य उतरले, ते श्रीमंताच्या ताटात चढले.

रानभाज्यांचेही तेच. पहिला पाऊस पडला की शेवळे उगवतात. घशाला खाज सुटू नये म्हणून ती काकडाच्या फळांबरोबर शिजवावी लागतात. हे ज्ञान जंगलाने आणि पिढ्यांनी दिलेले. आदिवासी स्त्रिया पहाटेची लोकल पकडून कल्याण-ठाण्याच्या बाजारात जुड्या मांडून बसतात. शहरातील जाणकार घरे त्यासाठी आतुर असतात, तरीही जुडीमागे पाच रुपयांसाठी घासाघीस होतेच. त्याच संध्याकाळी उपाहारगृहात आपण छापील दराविषयी चकार शब्द काढत नाही. आपली भूक कोणाशी भांडते आणि कोणापुढे नमते, यातही संस्कृती दिसते.

बाजार आणि बयाणा

खरेदीची हौस ही आजची नाही. मुरबाड तालुक्यातील म्हसा येथे पौष पौर्णिमेला म्हसोबाची यात्रा भरते. बैलांचा बाजार आणि घोंगड्यांची विक्री यांसाठी ती प्रसिद्ध आहे. ती यात्रा शेतीच्या चक्राला बांधलेली होती. भाताची कापणी-मळणी संपली, हातात पैसा आला, म्हणजे बैल घ्यायचा, घोंगडी घ्यायची, देवाला नमस्कार करायचा आणि पाहुण्यांना भेटायचे. कमाई आधी आणि खरेदी नंतर, हा त्या बाजाराचा अलिखित नियम होता.

आज हा क्रम उलटा झाला आहे. खरेदी आधी आणि कमाई नंतर. दुचाकी हप्त्यावर, मोबाइल हप्त्यावर, लग्नातील वाजंत्री आणि मांडवही उसन्या पैशांवर. हा उलटा क्रम या भूमीला नवीन नाही, आणि म्हणूनच तो अधिक चिंताजनक आहे. जुन्या ठाणे जिल्ह्यात ‘लग्नगडी’ ही पद्धत होती. लग्नासाठी जमीनदाराकडून कर्ज घेतलेला आदिवासी तरुण पत्नीसह त्याच्या दारी राबत राहायचा आणि कर्ज फिटत नसे. डेव्हिड सिमिंग्टन यांच्या १९३९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या सरकारी अहवालात आदिवासींच्या या अवस्थेची नोंद आहे. गोदावरी परुळेकर यांच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या १९७० च्या पुस्तकातही ती सविस्तर आली आहे. जानेवारी १९४५ मध्ये टिटवाळ्याच्या किसान सभेच्या परिषदेतून परतलेल्या वारल्यांनी वेठ आणि लग्नगडी यांविरुद्ध लढा उभारला. १९७६ मध्ये वेठबिगारीविरोधी कायदा झाला.

मात्र दसरा-दिवाळीच्या सुमारास वीटभट्टीचा बयाणा आजही घेतला जातो. सणाचा, आजारपणाचा, लग्नाचा खर्च त्यातून भागतो, आणि मग पावसाळ्यापर्यंत सारे कुटुंब भट्टीवर राहते. मुलांची शाळा मध्येच सुटते. त्या विटांतून शहरालगतच्या इमारती उभ्या राहतात आणि त्या इमारतींतील घरे हप्त्यावर विकली जातात. कर्जाच्या एका टोकाला घर आहे, दुसऱ्या टोकाला झोपडी. दोघांनाही हौसेची स्वप्ने दाखवणारी जाहिरात एकच आहे. फरक इतकाच, की एकाचा हप्ता चुकला तर बँक पत्र पाठवते आणि दुसऱ्याचा हिशेब चुकला तर त्याचे पुढचे वर्ष जाते.

शनिवार-रविवारची मौज

शहापूर तालुक्यात विहीगाव येथे एक सुंदर धबधबा आहे. २००१ साली प्रदर्शित झालेल्या ‘अशोका’ या हिंदी चित्रपटाचे तेथे चित्रीकरण झाले, आणि तेव्हापासून पर्यटक त्याला ‘अशोका धबधबा’ म्हणतात. एका चित्रपटाने गावाच्या पाण्याचे नाव बदलले. मौजेची भूक संस्कृतीवर कशी लिहिते, याचे याहून बोलके उदाहरण सापडणार नाही.

पावसाळ्यात माळशेज घाटात आणि या धबधब्यांवर इतकी गर्दी होते, की प्रशासनाला मनाई आदेश काढावे लागतात. सोमवारी सकाळी उरतात त्या बाटल्या आणि प्लास्टिक. दरम्यान शेतघरे आणि रिसॉर्ट वाढत आहेत. ५ जून २०२५ रोजी इगतपुरी ते आमणे हा शेवटचा टप्पा खुला होऊन ७०१ किलोमीटरचा समृद्धी महामार्ग पूर्ण झाला आणि शहापूर शहराच्या आणखी जवळ आले. जमिनीचा भाव चढला. भाताचे खाचर कुंपणाआड गेले आणि कालचा शेतमालक त्याच जागेचा रखवालदार झाला, अशी उदाहरणे आता अपवादात्मक राहिलेली नाहीत.

दुसरी बाजू

हे सारे एकांगी होऊ नये. भिवंडीच्या गोदामांतून घरोघरी पार्सले जातात, म्हणून शहापूर-मुरबाडच्या कित्येक तरुणांना काम मिळते. रिसॉर्टमुळे स्वयंपाकी, माळी, वाहनचालक यांच्या चुली पेटतात. शिवाय, गरिबाने साधेच राहावे आणि त्याच्या साधेपणाचे आपण कौतुक करावे, ही अपेक्षा अन्यायाची आहे. कातकरी मुलीला नवा ड्रेस हवासा वाटला, ठाकराच्या मुलाला मोबाइल हवासा वाटला, तर ती चंगळ होत नाही. त्या मोबाइलवर तो मजुरीचा दर विचारतो, बसची वेळ पाहतो, दूरच्या बहिणीशी बोलतो. परमेश्वराने माणसाला जीभ दिली, डोळे दिले, नाचणारे पाय दिले. आनंद हे पाप नाही.

तेव्हा कसोटी वस्तूची लावून चालणार नाही, नात्याची लावावी लागेल. माझ्या आवडीची किंमत मी देतो की दुसरा कोणी देतो? ती देताना त्याला नाही म्हणण्याची मुभा आहे का? म्हशाच्या यात्रेत बैल विकणारा सौदा मोडून घरी जाऊ शकत होता. बयाणा घेतलेले कुटुंब भट्टीवरून निघून जाऊ शकत नाही. दोन्ही ठिकाणी व्यवहारच आहे. परंतु एकातून संस्कृती समृद्ध झाली आणि दुसऱ्यातून माणूस गहाण पडला.

आपण कोठे उभे आहोत?

वसईच्या ख्रिस्ती समाजाला हा प्रश्न परका नाही. ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या नेतृत्वाखाली हरित वसई संरक्षण समिती उभी राहिली, तेव्हा आपल्या वाड्या, विहिरी आणि बावखले यांवर महानगराच्या भुकेची नजर होती. त्या वेळी आपण सोसणाऱ्यांच्या बाजूला होतो. आज वसई-विरारच्या नळांना सूर्या प्रकल्पाचे, म्हणजे पालघरच्या आदिवासी पट्ट्यातील पाणी येते. आपण कधी उपभोगणाऱ्यांच्या बाजूला येऊन बसलो, ते आपल्या लक्षातही आले नाही.

आपल्या घरच्या समारंभांकडेही पाहू या. प्रथम ख्रिस्तप्रसादाच्या दिवशी मुलांचे लक्ष वेदीपेक्षा सभागृहातील सजावटीकडे असते. लग्नात शेजाऱ्याने जितकी पक्वान्ने ठेवली, त्याहून दोन अधिक ठेवण्याची चढाओढ लागते, आणि उरलेले अन्न पहाटे कचऱ्याच्या गाडीत जाते. ज्यांना परवडते त्यांनी घातलेला पायंडा, ज्यांना परवडत नाही त्यांना कर्ज काढून पाळावा लागतो. ही आपल्याच अंगणातील लग्नगड्याची पहिली पायरी नव्हे काय? परमगुरू सोळावे बेनेडिक्ट यांनी २००९ च्या विश्वपत्रात खरेदी ही केवळ आर्थिक नव्हे तर नैतिक कृती असते, असे प्रतिपादन केले. हे तत्त्व बाजारात पिशवी घेऊन जाणाऱ्या प्रत्येकाला लागू आहे.

करता येण्याजोगे बरेच आहे. लग्नाच्या ताटांची संख्या आणि पदार्थ यांना मर्यादा घालण्याचा निर्णय धर्मग्रामातील सधन कुटुंबांनी आधी घ्यावा; त्यांनी घेतला तरच गरीब कुटुंबांची सुटका होईल. आपल्या घरासाठी विटा घेताना त्या कोणत्या भट्टीवरच्या आहेत आणि तेथील मुले शाळेत जातात का, हे विचारावे. रानभाजीची जुडी सांगितलेल्या भावाने घ्यावी. शहापूर तालुका अनुसूचित क्षेत्रात मोडतो. तेथील ग्रामसभांना १९९६ च्या पेसा कायद्याने मद्यविक्री आणि सावकारी यांवर नियंत्रण ठेवण्याचा अधिकार दिला आहे. तो अधिकार वापरू पाहणाऱ्या ग्रामसभांच्या पाठीशी आपल्या संस्थांनी आणि वकिलांनी उभे राहावे. धरणाच्या काठावरील पाड्याचा त्या पाण्यावर पहिला हक्क आहे, ही मागणी शहरात राहणाऱ्यांनी केली तर तिला वजन येईल.

प्रायश्चित्तकाळात आपण मांसाहार वर्ज्य करतो आणि चाळीस दिवस संपले की दुप्पट उत्साहाने ताट भरतो. या वर्षी उपवासातून वाचलेली रक्कम कोठे गेली, याची नोंद प्रत्येक कुटुंबाने ठेवून पाहावी. ती रक्कम एखाद्या कातकरी कुटुंबाला बयाण्यावाचून सण साजरा करता यावा, यासाठी पोहोचली, तर शेणव्याच्या एखाद्या पाड्यावरील मूल दिवाळीनंतरही आपल्या शाळेच्या बाकावर बसलेले दिसेल.