निवेदनाविना माहितीपट

आश्विन वद्य पंचमीला ४ वाजून ५८ मिनिटांनी गुरुकुंज मोझरीत लाखोंचा समुदाय मौन उभा राहतो. ११ ऑक्टोबर १९६८ रोजी निर्वाण पावलेल्या राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांना वाहिलेली ही श्रद्धांजली. वाहिन्यांचे कॅमेरे तेथे पोहोचले की त्या मौनावर निवेदकाचा आवाज चढतोच. गर्दी किती, पाहुणे कोण, वातावरण कसे भारावलेले, हे सारे ऐकू येते. ऐकू येत नाही ते फक्त मौन.

माहितीपट म्हटला की निवेदन हवेच, हा समज आपल्यात फिल्म्स डिव्हिजनने रुजवला. १९४८ साली स्थापन झालेल्या या संस्थेचे अनुबोधपट चित्रपटगृहांत मुख्य खेळाआधी सक्तीने दाखवले जात. त्यांतील भारदस्त आवाज प्रेक्षकाला कायम विद्यार्थीच समजे. (आम्हा प्राध्यापकांना त्यात वावगे वाटू नये, हे ओघानेच आले!) वास्तविक आपल्या चित्रपटाचा आरंभ याहून विनम्र होता. सावे दादा ऊर्फ हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी १८९९ मध्ये मुंबईतली एक कुस्ती चित्रित केली. पुढे दादासाहेब फाळक्यांनी कॅमेऱ्यासमोर वाटाण्याचे रोप ठेवून त्याची वाढ टिपली. रोपाला घाई करता येत नाही. थांबावे कॅमेऱ्यालाच लागते.

हे थांबणे मला शर्ली अब्राहम व अमित मधेशिया यांच्या ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ या माहितीपटात दिसले. महाराष्ट्रातल्या जत्रांत तंबू ठोकणाऱ्या टुरिंग टॉकीजवरचा हा चित्रपट २०१६ साली कान महोत्सवात दाखवला गेला, तेथे गौरवलाही गेला. त्यामागे वर्षानुवर्षांची सोबत आहे. रीळ जाऊन डिजिटल यंत्र येते, हा बदल कोणी भाष्य करून सांगत नाही; तो गंजलेल्या प्रोजेक्टरवर आणि माणसांच्या चेहऱ्यांवर दिसतो. प्रोजेक्टर दुरुस्त करणारा एक कारागीर आपण स्वतः घडवलेले नवे यंत्र कौतुकाने दाखवतो. त्याला गिऱ्हाईक उरलेले नाही. येथे निवेदकाने ‘काळाचा महिमा’ असे एक वाक्य जरी उच्चारले असते, तरी त्या माणसाचा उदाहरणार्थ वापर झाला असता.

नुसते पाहणे म्हणजे तटस्थता, असे मात्र मी मानत नाही. काय कापले आणि काय ठेवले, यात दिग्दर्शकाचे मत येतेच. आनंद पटवर्धनांनी चौदा वर्षे चित्रण करून ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) पूर्ण केला. ते कॅमेऱ्यामागून सरळ प्रश्न विचारतात, आणि रमाबाई नगरातल्या १९९७ च्या गोळीबाराबद्दल ते विचारायलाच हवे होते. पण तेही उत्तरासाठी थांबतात. दोन्ही पद्धतींना जोडणारी गोष्ट हीच.

वऱ्हाडाच्या वाट्याला हे थांबणे फार कमी आले. आत्महत्याग्रस्त शेतकऱ्याच्या ओसरीवर कॅमेरा येतो तोच निष्कर्ष घेऊन. विधवेने रडावे एवढीच त्याची अपेक्षा असते. दीपा भाटिया यांचा ‘निरोज गेस्ट्स’ (२००९) याला सन्माननीय अपवाद, तरी तेथेही शेतकरी आपल्याला पी. साईनाथ यांच्या बोटाला धरूनच भेटतो. बियाण्याच्या दुकानातली उधारी, सोयाबीनची सोंगणी, बाजार समितीतला भाव ऐकून गाडीवर परत चढणारा माणूस, हे सलग पाहायचे तर तिवसा तालुक्यातल्या एखाद्या गावात जून ते नोव्हेंबर राहावे लागेल. त्यातले बरेच दिवस काहीही घडणार नाही. त्या दिवसांचा खर्च कोणी द्यायचा, हा प्रश्न सौंदर्यशास्त्राच्या चर्चेत सहसा येत नाही. तो आधी यायला हवा.