ऐतिहासिक कादंबरी आणि आपली मुले

अमेरिकेत वाढणाऱ्या आपल्या मुलांना शिवकालाची व पेशवाईची पहिली ओळख बहुधा कादंबरीतून, नाटकातून किंवा चित्रपटातून होते. त्यात वावगे काही नाही. त्यांच्या आईबापांपैकी कित्येकांचे थोरले माधवरावसुद्धा ‘स्वामी’च्या (१९६२) पानांतूनच आलेले आहेत. परंतु कादंबरी हाच इतिहास, असे समजून मुलांनी मोठे व्हावे काय?

या प्रश्नाचा साक्षेपी विचार एका मराठी विदुषीने केला आहे. डॉ. प्राची देशपांडे यांनी मॅसॅच्युसेट्समधील टफ्ट्स विद्यापीठात डॉक्टरेट संपादन केली व पुढे बर्कले येथे अध्यापन केले. त्यांचा ‘क्रिएटिव्ह पास्ट्स’ हा ग्रंथ कोलंबिया विद्यापीठाने २००७ साली प्रसिद्ध केला. बखरी, इतिहासग्रंथ, नाटके व कादंबऱ्या यांचा एकत्र विचार करून १७०० ते १९६० या काळात मराठ्यांच्या गतकाळाचे चित्र कसे घडत गेले, हे त्यांनी त्यात दाखविले. २०२० साली त्यांना मानव्यविद्यांसाठीचे इन्फोसिस पारितोषिक मिळाले.

अशा अभ्यासाने श्रद्धेला तडा जातो, असे काहींना वाटते. एक उदाहरण घेऊ. तानाजी मालुसरे १६७० साली कोंढाण्यावर पडले, म्हणून गडास सिंहगड हे नाव मिळाले, ही समजूत हरि नारायण आपटे यांच्या कादंबरीने घरोघर रुजविली. वस्तुतः १६७० पूर्वीच्या पत्रव्यवहारातही ‘सिंहगड’ आढळतो. त्यामुळे तानाजींचे शौर्य तिळमात्र उणे होत नाही. कादंबरीकाराची प्रतिभा मात्र अधिक स्पष्ट दिसते.

इतर समाजांनीही हाच मार्ग धरला आहे. डूमाची ‘तीन शिलेदार’ (१८४४) ही कादंबरी १६२५ साली सुरू होते. खरा दार्तान्यां त्या वेळी मुलगाच होता. चीनमध्ये ‘तीन राज्ये’ या कादंबरीने त्साव त्साव यास खलनायक केले. इतिहास त्यास समर्थ राज्यकर्ता व कवी म्हणूनही ओळखतो. अठराव्या शतकातील एका चिनी पंडिताने तर या कादंबरीत सात भाग सत्य व तीन भाग कल्पना असल्याचा निवाडा दिला. तरीही फ्रेंचांनी वा चिन्यांनी आपल्या कादंबऱ्या टाकून दिल्या नाहीत.

‘आधी अभिमान, मागाहून चिकित्सा’ असे म्हणणाऱ्यांची तळमळ मला कळते. परंतु याच देशात शिकून येथेच शिकविणाऱ्या माझ्यासारख्या शिक्षकास निराळीच भीती वाटते. येथील शाळा मुलास प्रत्येक विधानाचा पुरावा मागावयास शिकविते. घरी ऐकलेली एक गोष्ट त्या कसोटीस उतरली नाही, की तो उरलेल्या शंभर खऱ्या गोष्टींवरही अविश्वास दाखवू लागतो. तसे झाल्यास तो दोष मुलाचा म्हणता येणार नाही.

म्हणून आपल्या मराठी शाळांतून कादंबरीच्या प्रकरणासोबत एखादे अस्सल पत्र किंवा बखरीचा उतारा आणि परक्या समाजाची एखादी ऐतिहासिक कथाही वाचली जावी, अशी माझी नम्र सूचना आहे. पारखून घेतलेला अभिमानच पुढच्या पिढीत टिकेल.