कमळाचा दाखला देण्याआधी

दहावी-बारावीचा निकाल लागला की आपल्या विहारांतून गुणवंतांचे सत्कार होतात. पुष्पगुच्छ, पेन, बाबासाहेबांचं पुस्तक आणि मग भाषणं. त्यातल्या एका तरी भाषणात कमळ येतंच. निवडणुकीतलं नव्हे, तळ्यातलं. चिखलात राहून कमळ फुलतं, तसं बाळांनो तुम्ही वस्तीत राहून फुला, असं सांगितलं जातं आणि टाळ्या पडतात.

सांगणाऱ्याचा हेतू चांगलाच असतो. पण समोर बसलेल्या पोरीच्या कानावर त्यातून काय पडतं? चिखल आहे तसाच राहणार, फुलायचं काम तुझं एकटीचं. नाही फुललीस तर तूच कमी पडलीस. आम्हाला हे पटत नाही. कमळाचा दाखला द्यायचाच तर अख्खं कमळ बघून द्यावा.

बाजारात कमळकाकडी मिळते, ती आडवी कापून बघा. आत आरपार भोकं दिसतील. ती हवेची वाट आहे. तळ्याच्या तळाशी चिखलात प्राणवायू जवळजवळ नसतो. पाण्याच्या वर आलेली पानं हवा आत घेतात आणि पोकळ देठांतून ती खाली कंदापर्यंत पोचते. ती वाट बंद झाली तर कंद गुदमरतो. शिवाय कमळाला रोज पाच-सहा तास तरी चांगलं ऊन लागतं. सावलीत पानं येतात, फुलं क्वचित. आणि तळ्यातला चिखल म्हणजे कुजलेला पालापाचोळा, कमळाचं जेवणच ते. म्हणजे कमळाला पोटभर जेवण आहे, वरून हवा आहे, डोक्यावर ऊन आहे.

आता आपली दहा बाय बाराची खोली डोळ्यांपुढे आणा. एकच खिडकी, तीही शेजारच्या भिंतीकडे उघडणारी. रात्री अकरापर्यंत टीव्ही, पहाटे नळाला पाणी आलं की पोरीला पहिली हाक. तेरा ते अठरा वयाच्या मुलांना रोज आठ ते दहा तास झोप लागते. आपल्या किती पोरांना ती मिळते? वर्गात डुलक्या घेते म्हणून मास्तर ओरडतात, घरी आल्यावर आई.

मुलींच्या बाबतीत दुसरी गोष्ट रक्ताची. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात देशातल्या १५ ते १९ वयाच्या दर शंभर मुलींपैकी ५९ जणींच्या अंगात रक्त कमी आढळलं. रक्त कमी असलं की जिना चढताना धाप लागते, डोकं दुखतं, वाचलेलं लक्षात राहत नाही. घरात मात्र तिला आळशी हे एकच नाव पडतं. शाळेत आठवड्याला निळी गोळी देतात, ती लोहाची. पुष्कळ मुली ती दप्तरात टाकतात, कारण मळमळतं आणि शौच काळं होतं. काळं शौच या गोळीमुळे होतंच, त्याला घाबरू नये. मळमळत असेल तर जेवल्यावर घ्यावी, पण चहाबरोबर नको. चहानं लोह अंगी लागत नाही. पालेभाजी-डाळीवर लिंबू पिळलं तर ते जास्त लागतं. आईनं ही गोळी आपल्या डोळ्यांसमोर घ्यायला लावली तर शंभर भाषणांपेक्षा उपयोग होईल.

कमळाची उपमा खुद्द पाली साहित्यात आहे, तीही आपण अर्धीच सांगतो. संबोधीनंतर तथागतांनी जगाकडे पाहिलं तेव्हा त्यांना माणसं तळ्यातल्या कमळांसारखी दिसली, असं तिथे वर्णन आहे. काही पाण्याखाली, काही पाण्याच्या पातळीला, काही पाण्याच्या वर आलेली. अशी वेगवेगळी माणसं पाहूनच त्यांनी धम्म सांगायचं ठरवलं. आपल्या सत्कारात मात्र वर आलेल्यांनाच खुर्ची असते. पाण्याखालची त्या दिवशी घराबाहेर पडत नाहीत.

अशा पोराला तुझं संपलं असं कोणी म्हणू नये. चीनमध्ये एका आटलेल्या तळ्याच्या मातीत कमळाचं सुमारे १,३०० वर्षं जुनं बी सापडलं. त्याचं कडक कवच कापून पाणी आत जाऊ दिल्यावर त्याला कोंब आला. कवच कापायला मात्र माणूस लागला. नापास झालेलं पोर जेवत नसेल, बोलत नसेल, मरणाची भाषा करत असेल तर त्याला एकटं सोडू नका. टेलिमानसचा १४४१६ हा सरकारी नंबर दिवसरात्र चालू असतो, पैसे लागत नाहीत आणि मराठीतही बोलता येतं.

आमची विहार समित्यांना विनंती आहे. सत्काराच्या हारांवर होणाऱ्या खर्चातून विहारात दोन ट्यूबलाइट आणि एक पंखा लावा, आणि संध्याकाळी सात ते दहा विहार मुलांसाठी उघडं ठेवा. काही वस्त्यांत अशा अभ्यासिका चालू आहेत, तिथली किल्ली बहुधा एखाद्या ताईकडे असते. घरोघरी दहाला टीव्ही बंद करणं आणि पाणी भरायची पाळी मुलग्यांनाही लावणं, याला तर पैसाही लागत नाही. पुढच्या पौर्णिमेला वंदनेनंतर आशाताईंना बोलवा. मुलींची हिमोग्लोबिन तपासणी सरकारी आरोग्य केंद्रात कोणत्या दिवशी होते, ते त्या सांगतील.